टीचर, कॅन्डेल समजावून दिल्याबद्दल थँक्यू

प्रिय टीचर,

फोनवर तुम्ही आभार मानूच देत नाही, "पुरे रे आता" म्हणता आणि विषय बदलता, म्हणून इथे सगळ्यांसमोर लिहितोय. मेंदूशास्त्रज्ञ एरिक कॅन्डेलची पुस्तकं तुम्ही वाचायला दिलीत हे आहेच, पण त्यातली बायोलॉजी माझ्यासारख्या ड्रॉइंग टीचरला कळेपर्यंत सोबत बसलात, त्याचे हे आभार.

ज्यांना माहीत नाही त्यांच्यासाठी: कॅन्डेलचा जन्म १९२९ चा, व्हिएन्नाचा, वडलांचं खेळण्यांचं दुकान होतं. नाझी आले आणि १९३९ मध्ये हा नऊ वर्षांचा पोरगा अमेरिकेला गेला. हार्वर्डला इतिहास आणि साहित्य शिकला, मनोविश्लेषणाच्या ओढीने डॉक्टर झाला, आणि पुढे कितीतरी वर्षं दिली ती अप्लिसिया नावाच्या समुद्री गोगलगायीला! कारण तिच्या मज्जापेशी जेमतेम २०,००० आणि काही तर नुसत्या डोळ्यांनी दिसतील एवढ्या मोठ्या.

बाल्कांवात, म्हणजे घरापुढच्या ओट्यावर बसून तुम्ही जुन्या कॅलेंडरच्या पाठीवर त्या गोगलगायीचा कल्ला काढलात. तिच्या पाण्याच्या नळीला हळूच हात लावला की कल्ला थोडा आत, शेपटीला शॉक दिला की त्यानंतर साध्या स्पर्शालाही एकदम जोरात आत. एकदाच शॉक दिला तर ती आठवण थोडा वेळ टिकते, कारण पेशींमधला आहे तोच सांधा तात्पुरता घट्ट होतो, पण पुन्हा पुन्हा दिला तर पेशीतली जनुकं कामाला लागतात आणि नवे सांधे फुटतात, आणि ते सांगत सांगत तुम्ही बॉलपेनने पेशीला नव्या फांद्या काढत गेलात. आठवण ही शरीरात होणारी खरीखुरी वाढ आहे हे मला तिथे कळलं. याच कामासाठी त्याला २००० चं नोबेल मिळालं, कार्लसन आणि ग्रीनगार्ड यांच्यासोबत.

'द एज ऑफ इनसाइट' (२०१२) क्लिम्ट, कोकोश्का, शीले हे चित्रकार आणि त्यांच्या काळचं व्हिएन्ना यावर आहे, जाडजूड आहे, मला सावकाश वाचावं लागलं. पण २०१६ चं 'रिडक्शनिझम इन आर्ट अँड ब्रेन सायन्स' छोटं असून माझ्या मते जास्त भारी. मेंदू समजायला कॅन्डेलने साधा प्राणी निवडला, तसंच चित्रकार मॉन्ड्रियनने चित्रातून एकेक गोष्ट काढत रेषा आणि थोडे रंग ठेवले, रॉथ्कोने तर नुसता रंग, आणि चित्रात ओळखीचं जितकं कमी तितकं बघणाऱ्याचा मेंदू स्वतःच्या आठवणीतलं जास्त भरतो.

आपल्याकडे अमूर्त चित्रं काढणारे चित्रकार गायतोंडे आहेत, घराणं मूळ गोव्याचंच. त्यांचं चित्र वर्गात दाखवलं की "सर, ह्यात काय आहे?" हा प्रश्न ठरलेला. आता मी उलट विचारतो, तुला काय आठवतं? परवा सातवीतली एक मुलगी म्हणाली, फेरीतून दिसते तशी पावसातली मांडवी नदी. हे तुमच्यामुळे झालं टीचर, मनापासून सांगतो.

डिसेंबरात पणजीला सेरेंडिपिटी कला महोत्सव बघायला जाऊया का? गाडी मी आणतो, आणि पुस्तकं तेव्हा परत करतो.

तुमचा विद्यार्थी