इशारा ओलांडायला सांगू नका, सर्व्हर दुरुस्त करा

महोदय,

पंचवटीत राहणाऱ्या माझ्या मावशींच्या नातीचा प्रवेश अर्ज गेल्या आठवड्यात ऑनलाइन भरायला बसलो. माहितीपत्रकावर छापलेला संस्थेच्या संकेतस्थळाचा पत्ता मोबाइलमध्ये जसाच्या तसा टाकला, तर जोडणी सुरक्षित नसल्याचा इशारा आला आणि संकेतस्थळाची ओळख पटवणारे प्रमाणपत्र उघडून पाहिले तर त्यावर नाव एका मंगल कार्यालयाचे! संस्थेत फोन केल्यावर ‘खाली अ‍ॅडव्हान्स्ड दाबा आणि पुढे जा, सगळे तसेच करतात’ असे उत्तर मिळाले. त्याच अर्जात आधार क्रमांक आणि बँक खाते भरायचे होते.

मी सातपूरला एका कारखान्याचे सर्व्हर सांभाळतो, त्यामुळे दोष लगेच लक्षात आला. एकाच आयपी पत्त्यावर, म्हणजे सर्व्हरच्या इंटरनेटवरील क्रमांकावर, अनेक संकेतस्थळे असतात आणि त्यांच्या पुढ्यात येणारी जोडणी आधी घेऊन योग्य संकेतस्थळाकडे पाठवणारा प्रॉक्सी सर्व्हर उभा असतो; एनजिनएक्स हे त्यासाठीचेच एक सॉफ्टवेअर. जोडणीच्या सुरुवातीलाच ब्राउझर हव्या त्या संकेतस्थळाचे नाव कळवतो, ज्याला एसएनआय म्हणतात, आणि प्रॉक्सी त्या नावाचे प्रमाणपत्र दाखवतो. ते नाव प्रॉक्सीच्या कॉन्फिगरेशनमध्ये, म्हणजे त्यात लिहून ठेवलेल्या नोंदींमध्ये, नसेल आणि वेगळी सूचनाही दिलेली नसेल, तर एनजिनएक्स पहिल्या नोंदीचे प्रमाणपत्र पुढे करतो. इथे पहिली नोंद मंगल कार्यालयाची होती. छापलेल्या पत्त्यात ‘डब्ल्यूडब्ल्यूडब्ल्यू’ नव्हते; ते आधी लावताच अर्ज विनातक्रार उघडला.

‘साधे, डब्ल्यूडब्ल्यूडब्ल्यूविनाचे नाव आम्ही डब्ल्यूडब्ल्यूडब्ल्यूच्या नावावर वळवले आहे,’ असे संकेतस्थळ सांभाळणाऱ्यांचे म्हणणे पडले. परंतु वळवण्याची सूचना सुरक्षित जोडणी झाल्यानंतरच ब्राउझरपर्यंत पोहोचते, म्हणून प्रमाणपत्रात दोन्ही नावे असावीच लागतात. सर्व उपनावांसाठीचे वाइल्डकार्ड प्रमाणपत्र घेतले तरी साधे नाव त्यात आपोआप येत नाही, ते वेगळे लिहावे लागते. लेट्स एन्क्रिप्ट या प्रमाणपत्रे देणाऱ्या संस्थेकडून दोन्ही नावांचे एकच प्रमाणपत्र फुकट मिळते, तेव्हा खर्चाची सबबही उरत नाही.

प्रमाणपत्रांची कमाल मुदतही कमी होत आहे: 15 मार्च 2026 पासून 200 दिवस, 2027 मध्ये त्याच तारखेपासून 100 आणि 2029 मध्ये 47. नूतनीकरण आपोआप होते खरे, पण त्यानंतर प्रॉक्सी रिलोड केला नाही, म्हणजे त्याला नवे प्रमाणपत्र वाचायला लावले नाही, तर तो जुनेच प्रमाणपत्र दाखवत राहतो. ही चूक मी स्वतःही केलेली आहे.

सिंहस्थासाठी 2027 मध्ये बाहेरगावचे लाखो भाविक नाशिकच्या लॉजची आणि वाहनांची नोंदणी मोबाइलवरूनच करतील. खरोखर कोणी मध्ये बसून माहिती पळवत असेल, तेव्हाही त्यांना असाच इशारा दिसेल. म्हणून पत्ता छापखान्यात धाडण्यापूर्वी संस्थांनी तो ‘डब्ल्यूडब्ल्यूडब्ल्यू’सह आणि त्याविना, दोन्ही प्रकारे, कार्यालयाबाहेरच्या एखाद्या मोबाइलवर उघडून पाहावा, आणि दुरुस्ती होईपर्यंत फोन घेणाऱ्यांनी ‘पुढे जा’ असे न सांगता चालणारा पत्ता सांगावा.

आपला,
एक वाचक, सातपूर, नाशिक