प्रिया तेंडुलकरांना स्वतःचं नाव होतं

मा. संपादक,
स. न. वि. वि.

कालच्या रविवार पुरवणीतला 'रजनी' मालिकेवरचा आणि तिच्यात रजनी झालेल्या प्रिया तेंडुलकरांवरचा लेख दोनदा वाचला. पहिल्यांदा चहाबरोबर, आवडीने. दुसऱ्यांदा हातात पेन्सिल घेऊन. 'तेंडुलकरांची कन्या', 'तेंडुलकरांची लेक' असं मिळून सात वेळा आलंय. वडील, म्हणजे नाटककार विजय तेंडुलकर, मोठेच होते, त्याबद्दल वाद नाही. पण लेख मुलीवर होता ना? घटस्फोटाला अख्खा परिच्छेद, आजारपणाला दीड आणि लेखनाला किती, तर अर्धं वाक्य: 'त्यांनी काही कथाही लिहिल्या.' हा 'ही' वाचून माझा चहा गार झाला.

त्यात 'रजनी'ला तुमच्या लेखकमहाशयांनी 'त्या काळची डेली सोप' करून टाकलंय. अहो, दूरदर्शनवर रविवारी सकाळी लागायची ती. आठवड्यातून एकदा, दर वेळी नवी गोष्ट: रजनी ही साधी गृहिणी कुठल्या ना कुठल्या अन्यायाविरुद्ध भांडायची. दिग्दर्शक बासू चटर्जी, वर्ष १९८५. त्या वेळी आमच्या मजल्यावर एकच टीव्ही होता आणि आम्ही सगळ्या बायका ओल्या केसांनी जाऊन शेजारच्यांच्या सतरंजीवर बसायचो. टॅक्सीवाल्यांच्या भागावरून टॅक्सीवाल्यांनी निषेध केला होता. लेखकांचा जन्म तेव्हा झाला नसेल, हा त्यांचा दोष नाही. पण विचारायला माणसं अजून जिवंत आहेत.

आणि 'रजनी उठसूट ग्राहक मंचात खेचण्याची धमकी द्यायची' हे कुठून आणलं? कुठला मंच? ग्राहक संरक्षण कायदाच मुळी १९८६ च्या डिसेंबरात झाला. रजनी जे काही करायची ते नुसत्या तोंडाच्या जोरावर. हे मी इतकं ठासून सांगतेय कारण तो मंच नव्हता म्हणून मला काय भोगावं लागलं ते मला माहीत आहे.

१९८६ चा मार्च. लग्नाला तीन वर्षं झालेली, घरात सासू-सासरे, कडेवर मुलगी. गॅसची टाकी एकच. ती महिनाभर जायची, ती अठरा दिवसांत संपायला लागली. पुढची टाकी आली तशी मी गॅसवाल्याला म्हटलं, थांबा जरा. खालच्या वाण्याकडे गोणी तोलायचा काटा होता, तिथे टाकी नेऊन ठेवायला लावली. रिकाम्या टाकीचं वजन वर कडीजवळ कोरलेलं असतं, त्यात गॅसचे १४.२ किलो मिळवायचे, एवढं गणित मला येत होतं. सव्वादोन किलो कमी भरली. गॅसवाला काट्याकडे बघेना, माझ्याकडेच बघत हसला आणि म्हणाला, "ओ बाई, रजनी बघता वाटतं?" वाणीही हसला. दुकानातलं गिऱ्हाईकसुद्धा हसलं.

मी एजन्सीत गेले. एकदा नाही, चारदा. पहिल्यांदा साहेब जेवायला गेले होते, दुसऱ्यांदा साहेब यायचे होते. तिसऱ्यांदा साहेब भेटले आणि म्हणाले, वाण्याच्या काट्याचा काय भरवसा. चौथ्यांदा मी मुलीला कडेवर घेऊन गेले आणि काउंटरसमोरच्या बाकावर बसून राहिले. ती रडायला लागल्यावर मी तिला उगी केलं नाही. (हे मला त्या मालिकेने शिकवलं नव्हतं, माझं स्वतःचं होतं.) टाकी बदलून मिळाली. घरी आणून तोलली तर तीही पाऊण किलो कमी. पण ती मात्र मी गुपचूप लावली.

खरी गंमत पुढे आहे. पुढच्या टाकीचा नंबर लावला तो काही केल्या लागेना. शेजारच्यांची आली, समोरच्यांची आली, आमची नाही. एकेचाळीस दिवस मी रॉकेलच्या स्टोव्हवर स्वयंपाक केला. पिन मारून मारून बोटं काळी झाली. सासूबाई रोज सकाळी तो स्टोव्ह माझ्यापुढे सरकवायच्या आणि म्हणायच्या, "घ्या रजनीबाई, पंप मारा." आमचे हे वर्तमानपत्रात तोंड घालून बसायचे. बहुधा तुमच्याच.

पडद्यावर अर्ध्या तासात समोरचा माणूस नरमतो. खऱ्या रजनीला त्यानंतर एकेचाळीस दिवस स्टोव्ह. आणि गंमत म्हणजे याबद्दल मला त्या मालिकेचा राग कधीच आला नाही. लोक तेव्हा खरोखरच्या तक्रारी घेऊन प्रियाबाईंकडे जायचे, असं छापून यायचं. मला त्यांची दया यायची. नाटक-सिनेमातल्या बाईला आपली टाकी तोलून द्यायला सांगायचं म्हणजे काय!

असो. राग आहे तो तुमच्या लेखातल्या 'रजनीनंतर त्या पडद्याआड गेल्या' या वाक्याचा. १९९५ साली 'हम पांच' सुरू झाली, झी टीव्हीवर. त्यात अशोक सराफांची पहिली बायको मेलेली आहे आणि भिंतीवरच्या फोटोच्या चौकटीतून ती नवऱ्याला टोमणे मारते. ती कोण होती? सबंध मालिकाभर एका चौकटीत नुसता चेहरा ठेवायचा. हात हलवायचा नाही, उठायचं नाही, फक्त भुवया आणि आवाज. आणि तरी बाई समोरच्यांवर भारी पडायची. मेल्यावरही जी गप्प बसेना तिला तुम्ही पडद्याआड पाठवलंत. शिवाय नव्वदच्या दशकात स्वतःच्या नावाने चर्चेचा कार्यक्रम चालवला तो वेगळाच. त्याआधीचं म्हणाल तर १९७४ च्या 'अंकुर' चित्रपटातली ती लहानगी नवरी आठवून बघा.

आता त्या 'कथाही'बद्दल. प्रियाबाईंनी पंचतारांकित हॉटेलात रिसेप्शनिस्टची नोकरी केली, विमानात हवाई सुंदरी म्हणून काम केलं, बातम्या वाचल्या. म्हणजे हसतमुख राहायचे पैसे मिळतात अशा सगळ्या जागी उभं राहून झालं होतं. तशी बाई जेव्हा 'पंचतारांकित' नावाचं पुस्तक लिहिते तेव्हा ते वडिलांच्या पुण्याईवर लिहिलेलं नसतं. 'ज्याचा त्याचा प्रश्न' मी आमच्या वाचनालयातून आणलं होतं. मागच्या पानावर तारखांचे शिक्के इतके झाले होते की ग्रंथपालांनी वर दुसरा कागद चिकटवला होता. ते वाचताना रजनी एकदाही आठवली नाही, यापेक्षा मोठं कौतुक मला करता येत नाही. रजनीला प्रत्येक प्रश्नाचं उत्तर ठाऊक असायचं. लिहिणाऱ्या प्रियाबाईंना उत्तराची घाई नव्हती.

१९ सप्टेंबर २००२ ला त्या गेल्या. ४८ पुरी व्हायलाही महिना बाकी होता. वडील त्यानंतर साडेपाच वर्षांहून जास्त जगले. तुमच्या लेखात या ठिकाणीसुद्धा दुःख कोणाचं, तर तेंडुलकरांचं. म्हणजे मरणातही कन्याच.

जाता जाता एक. लेखाखाली 'उर्वरित भाग पान ४ वर' असं छापलंय. पान ४ वर पूर्ण पानभर बत्तीस मजली टॉवरची जाहिरात आहे. उर्वरित भाग मला पान ६ वर सापडला, राशिभविष्याखाली, त्याला ना मथळा ना काही. ते अर्धं वाक्य तिथेच होतं. ज्यांना सापडलं नसेल त्यांच्या मते प्रियाबाईंनी आयुष्यात एक ओळही लिहिली नाही. जाहिराती घ्या, घर तुम्हालाही चालवायचंय, पण पानाचा आकडा तरी बरोबर टाका.

पत्र लांबलंय याची कल्पना आहे. कापायचंच असेल तर गॅसचं सगळं कापा, सासूबाई आता नाहीत, त्यांचंही कापलं तरी चालेल. पुस्तकांची नावं मात्र ठेवा. आणि मागच्या खेपेला पत्राखाली माझं आडनाव चुकीचं छापून वर मला 'श्री.' केलं होतंत, म्हणून या वेळी नाव देत नाही.

– एक वाचक (स्त्री), डोंबिवली पूर्व