डीएल-१४२५ ही फाइल कशासाठी लागते?

प्रिय मंदार,

सप्रेम नमस्कार.

तुझे पत्र मिळाले. ‘कॅडिलॅक्स अँड डायनोसॉर्स’ या आर्केड खेळाची झिप पुन्हा शोधण्याच्या भानगडीत पडू नकोस, बहुधा तिच्यात काहीच खोट नाही. ‘डीएल-१४२५.बिन’ सापडत नाही असे मेम (जुने आर्केड खेळ संगणकावर चालवणारा आपला प्रोग्राम) सांगतो, ती फाइल त्या खेळाची नव्हेच. ती मूळ यंत्राच्या सर्किट बोर्डावरच्या क्यूसाउंड या ध्वनिचिपची आहे.

ही चिप म्हणजे मुळात एक डीएसपी, म्हणजे ध्वनीसारख्या संकेतांवर प्रक्रिया करणारा प्रोसेसर, असून अनेक आवाज एकत्र करून ते स्टिरिओत पसरवण्याचा प्रोग्राम तिच्याच पोटातल्या रॉममध्ये (फक्त वाचता येणाऱ्या कायमच्या स्मृतीत) कोरलेला असतो. जुन्या मेममध्ये त्या रॉमशिवायच चिपची नक्कल केलेली होती, त्यामुळे तुझ्या जुन्या संगणकावर खेळ विनातक्रार चालत असे. पुढे चिपचे कवच उघडून आतला मजकूर वाचला गेला आणि नव्या आवृत्त्या तो मागू लागल्या. ‘द पनिशर’मध्ये आणि कॅपकॉमच्या सीपीएस-२ बोर्डावरच्या खेळांतही हीच चिप असल्याने प्रत्येक झिपमध्ये तीच फाइल कोंबण्याऐवजी ती ‘क्यूसाउंड_एचएलई.झिप’ या स्वतंत्र नावाने ठेवतात. ती न उघडता, जशीच्या तशी रॉम्सच्या फोल्डरमध्ये ठेवायची.

१९८२च्या ‘क्यूबर्ट’ या खेळाचेही तसेच आहे. त्यातली ती अगम्य बडबड (मला तर ती खेळापेक्षाही अधिक आवडते) व्होट्रॅक्सच्या एससी-०१ या वाचाचिपमधून येते. चिपला ६४ ध्वनिसंकेत ठाऊक असतात आणि ते उच्चारायचे कसे, हे तिच्या आतल्या रॉमवर ठरते. तिची झिपही वेगळी, ‘व्होटआरएससी०१’ने सुरू होणाऱ्या नावाची.

सॅम्पल्सची गल्लत मात्र यात करू नकोस. सेगाच्या ‘झॅक्सन’मधले स्फोट अ‍ॅनालॉग सर्किटमधून निघत असल्यामुळे तेथे उतरवून घेण्यासारखा ध्वनीचा रॉमच नाही, म्हणून रेकॉर्ड केलेल्या वेव्ह फाइल वापरतात आणि त्या सॅम्पल्सच्या फोल्डरमध्ये जातात. त्या नसल्या तरी खेळ सुरू होतो, फक्त मुका राहतो. चिपचा रॉम नसेल तर मात्र मेम खेळ सुरूच करत नाही.

फाइल सोबत जोडलेली नाही, कारण चिपमधल्या प्रोग्रामवरही कुणाचा तरी हक्क असतो आणि तो मी वाटत फिरणे बरे नव्हे. फाइल मिळवलीस की मेममधला ‘व्हेरिफायरॉम्स’ हा पर्याय वापरून तपासणी कर आणि तरीही अडलास, तर मेमची आवृत्ती आणि पडद्यावरचा संदेश एकही अक्षर न गाळता मला कळव.

तुझा,
श्रीकांत