मत्ती म्हणून दिलेलं रोप अर्जुन निघालं

संपादक महोदय,

वनमहोत्सवाला अजून तीन-चार महिने आहेत, पण मत्तीची फळं आत्ता मार्चमधे झाडाखाली पडतायत, जूनमधे पत्र लिहून काही उपयोग नाही म्हणून आत्ताच लिहितोय.

सात वर्षांपूर्वी गावच्या शाळेला एका रोपवाटपात गोव्याचा राज्यवृक्ष मत्ती म्हणून सहा रोपं मिळाली. पाच जगली, मुलांनी दोन उन्हाळे बादलीने पाणी घातलं. झाडं वाढली तशी साल गुळगुळीत, पांढुरकी, पापुद्रे सुटणारी दिसायला लागली आणि यंदा फळं धरल्यावर खात्रीच झाली, मत्ती नाही, अर्जुन आहे. अर्जुन वाईट नाही, तोही आपलाच, पण त्याला ओढ्याकाठची ओल लागते. कानडीत त्याला होळेमत्ती म्हणतात, होळे म्हणजे नदी, बघा नावातच सगळं आलं. आमची शाळा सड्यावर, जिथे चिऱ्याचा दगड आणि वर टीचभर माती. तिथे मत्तीच हवी होती.

घोळ नावांचाही आहे. मराठीत मत्तीला ऐन म्हणतात, आणि सादडा म्हटलं तर कुणी ऐन समजतं कुणी अर्जुन. म्हणून झाड बघूनच ठरवायचं. मोठ्या मत्तीची साल काळपट आणि चौकोन चौकोन फुटलेली, थेट मगरीच्या पाठीसारखी, एकदा बघितली की विसरणार नाही. फळाला पाच पंख असतात, ते अर्जुनालाही असतात, पण मत्तीचे रुंद, पातळ आणि त्यावरच्या रेघा आडव्या सरळ जातात, अर्जुनाचे अरुंद, जाड आणि रेघा वर वळलेल्या. किंदळ या तिसऱ्या झाडाशी गल्लत होते तीही फळावरून सुटते, किंदळाला एकच पंख मोठा, दोन छोटे, आणि पावसाळा संपता संपता झाड तांबूस गुलाबी दिसतं. पण लहान रोपात यातलं काहीच दिसत नाही! साल फुटलेली नसते, फळ नसतं, नर्सरीतला माणूस तरी काय ओळखणार.

त्यामुळे माझं म्हणणं एवढंच की बी ओळखीच्या झाडाखालून आपणच गोळा करावं. श्रावणात आयतार पूजेला, म्हणजे रविवारच्या सूर्यपूजेला, मत्तीची पानं आणणाऱ्या बायकांना गावातलं झाड पक्कं माहीत असतं, त्यांना विचारा. तपकिरी सुकलेली फळं घ्यायची, पंख कापायचे, दोन दिवस पाण्यात भिजवून लांब पिशवीत लावायची. निम्मी उगवली तरी खूप, म्हणून जास्तच लावा, आणि उगवायला वेळ लागतो, लगेच पिशव्या ओतून टाकू नका. मूळ सरळ खोल जातं, पिशवीत फार दिवस ठेवलं की ते गुंडाळतं आणि झाड पुढे खुरटं राहतं. पुढच्या पावसाच्या सुरवातीला दोन फुटांच्या खड्ड्यात माती आणि शेणखत घालून लावायचं, गुरांपासून कुंपण आणि पहिले दोन उन्हाळे पाणी. जागा मात्र उन्हाची हवी.

एक गोष्ट लपवत नाही, मत्ती फेब्रुवारीपासून पान गाळते आणि ऐन उन्हाळ्यात उघडी असते. म्हणून बसस्टॉपजवळ करंज लावा, तो थोडेच दिवस उघडा राहतो आणि लगेच भरतो. मत्ती शाळेच्या कडेला, देवळाच्या आवारात, जिथे तिला पन्नास वर्षं कोणी हात लावणार नाही तिथे. २०२४ मधे आंध्रात वनखात्याच्या लोकांनी या झाडाच्या खोडावर घाव घातल्यावर पाण्याची धार उडालेला व्हिडिओ सगळीकडे फिरला, तेव्हापासून कोयते घेऊन झाडं तपासणारेही बघितलेत. कृपा करून तसं करू नका, झाड जखमी होतं.

रोपं वाटणाऱ्यांना विनंती, पिशवीवर झाडाच्या नावाबरोबर बी कुठल्या गावच्या झाडाचं तेही लिहा. चूक निघाली तर निदान त्या झाडापर्यंत जाता येईल.

एक वाचक, सत्तरी