बांधाची मोजणी दोघांनी मिळून आणा

ती. बाबा आणि आईस,
सा. न.

बाबा, ज्वारी निघाली की जेसीबी लावून बांध पूर्वीच्या जागी घालतो, असं तुम्ही फोनवर म्हणालात तेव्हापासून माझा जीव थाऱ्यावर नाही. म्हणून सविस्तर लिहिते.

बांध कोरला गेलाय, हे मलाही दिसतं. मधोमध असलेल्या बोरीच्या मुळ्या शेजारच्या रानातल्या अप्पांच्या बाजूने उघड्या पडल्यात. आईला डोक्यावर कडब्याचा भारा घेऊन यायचं तर एक पाय पिकात टाकावा लागतो. तुमचा संताप खोटा नाही. पण तुम्ही हद्द दाखवता ती तुमच्या आठवणीतली आणि अप्पा दाखवतात ती त्यांच्या. सातबाऱ्यावर फक्त क्षेत्र असतं, हद्द असते गटाच्या नकाशात, आणि तो नकाशा जमिनीवर लावून दोघांपैकी कुणीच पाहिलेला नाही. अशात जेसीबी लावलात तर उद्या अतिक्रमणाचा आरोप तुमच्यावरच येईल.

यावर रीतसर उपाय हद्द कायम मोजणीचा. अर्ज मंगळवेढ्याच्या भूमी अभिलेख कार्यालयात, फी क्षेत्रावर आणि मोजणी नियमित हवी की द्रुतगती यावर. लगतच्या खातेदारांना नोटीस जाते, भूकरमापक, म्हणजे सरकारी मोजणीदार, हल्ली रोव्हर हे उपग्रहावर चालणारं मोजणीयंत्र घेऊन येतो, खुणा करून देतो आणि मग नकाशाची 'क' प्रत मिळते. कुणाला ती मान्य नसेल तर वरच्या अधिकाऱ्याकडून निमताना मोजणी, म्हणजे फेरमोजणी, मागता येते.

मात्र एक गोष्ट नीट लक्षात घ्या. भूकरमापक हद्द दाखवून जातो, ताबा देत नाही. अप्पांनी कोरलेला पट्टा सोडला नाही तर पुढे दिवाणी कोर्ट, आणि हद्दीच्या दाव्यात कोर्टही बहुधा कमिशन नेमून मोजणीच मागवतं. वर्षं घालवून फिरून तिथंच यायचं. सहाशे साठ फुटांच्या बांधाला तीन फुटांचा पट्टा धरला तरी दोन गुंठे भरत नाहीत. मी तो सोडा म्हणत नाही. तुमचा हक्क आहे, पण त्यापायी तुमची तब्येत आणि आईची झोप जायला नको.

म्हणून माझं एवढंच ऐका. एकट्याने मोजणी आणू नका. आपल्या गटाचा अर्ज तुम्ही आणि त्यांच्या गटाचा अप्पांनी बरोबरच द्यावा. आणि भूकरमापक रानात पाय ठेवायच्या आधी चार माणसांसमोर दोघांनी लिहून सह्या करायच्या की, निघेल ती हद्द मान्य. निकाल कळल्यावर कुणी मन मोठं करत नाही, आधीच करावं लागतं. हद्द आपल्या अंगावर आली तर मान्य करायची तयारी तुमचीही हवी, बाबा. हे तुम्हाला जड जाणार, ठाऊक आहे मला. पण हुरड्याच्या दिवसांत दोन्ही घरं एकाच आगटीभोवती बसायची, अप्पा पहिलं कणीस माझ्या हातावर चोळायचे, ते मी विसरू शकत नाही.

अप्पांचा मुलगा सलोखा योजनेचं म्हणतोय, ती इथे लागू नाही. एकाची जमीन दुसऱ्याच्या ताब्यात आणि दुसऱ्याची पहिल्याच्या, असं किमान 12 वर्षं चालत आलं असेल तर एक हजार मुद्रांक शुल्क आणि एक हजार नोंदणी फीमध्ये अदलाबदल करून देण्यासाठी 2023 मध्ये ती आली. कोरलेल्या बांधाशी तिचा संबंध नाही.

मोजणी ज्वारी काढल्यावरच घेऊ, रान मोकळं लागतं. त्याच दिवशी दोघांनी उभं राहून दगड पुरून घ्यायचे, चांगले खोल. आपल्या काळ्या रानात उन्हाळ्यात भेगा पडतात, पावसात माती फुगते आणि वरवर रोवलेला दगड कलतो. जमीन महसूल संहितेप्रमाणे या खुणा जपायची जबाबदारीही खातेदाराचीच आहे.

आई, ट्रंकेतल्या वाटणीच्या कागदांचे आणि जुन्या नकाशाचे फोटो पाठव, अर्ज मी इथून सोलापुरातून ऑनलाइन भरते. रविवारी येते. अप्पांशी मी बोलेन, तू तेवढं काकूंच्या कानावर आधी घालून ठेव.

तुमची लेक