मशीन दाखवेल तीच वेळ?

महोदय,

कालच्या अंकात एका वाचकाने लिहिलंय की रविवारच्या पुरवणीतली ती काळात ढवळाढवळ करणाऱ्यांना परवानगी देणाऱ्या-नाकारणाऱ्या परिषदेची गोष्ट म्हणजे निव्वळ थापा आहेत, काळ कोणाच्या बापाचा नोकर नाही, मग त्याच्या नीतीनियमांची परिषद हवीच कशाला. वाचून डोकंच फिरलं. काळ नसेल कोणाच्या हातात, पण घड्याळ असतं ना कोणाच्या तरी हातात, आणि ज्याच्या हातात घड्याळ तो दुसऱ्याचा पगार कापू शकतो हे आम्ही घरात भोगलंय.

माझी बायको भोसरीला एका कंपनीत पॅकिंगला आहे, कॉन्ट्रॅक्टवर. गेटवर अंगठ्याचं मशीन, शिफ्ट साडेआठची, तीन लेटमार्क झाले की अर्धा दिवस कट. मागच्या वर्षी त्या मशीनचं घड्याळ पुढे पळायला लागलं. पहिल्यांदा तिला वाटलं बस उशिरा येतेय म्हणून ती आधीची बस पकडायला लागली, स्वयंपाक अंधारात उरकायचा, पोरीचा डबा रात्रीच भरून ठेवायचा, तरी लेटमार्क. शेवटी तिने मशीनशेजारी मोबाईल धरून फोटो काढला. मोबाईलवर 8:27, मशीनवर 8:33. तो फोटो घेऊन एचआरकडे गेली तर उत्तर मिळालं, "ताई, मशीन दाखवेल तीच कंपनीची वेळ." आणि सुटताना मात्र मशीन कोणी बघत नाही, सुपरवायझरच्या मोबाईलवर पाच वाजले की मगच लाइन बंद. म्हणजे येताना एक घड्याळ आणि जाताना दुसरं. मधली सहा मिनिटं कोणाच्या खिशात गेली? एकटीची नाही, त्या गेटातून आत जाणाऱ्या प्रत्येकाची. कॉन्ट्रॅक्टर म्हणतो कंपनीला विचारा, कंपनी म्हणते मशीनवाल्याला विचारा, आणि एक दिवस कोणीतरी येऊन गुपचूप घड्याळ नीट करून गेलं, ना नोटीस ना काही. कापलेले पैसे आजपर्यंत परत आलेले नाहीत. हिच्या शेजारी काम करणारीचा तर त्या महिन्याचा अटेंडन्स बोनससुद्धा गेला, तिला तर फोटो काढायचंही सुचलं नव्हतं.

त्या पत्रलेखकांना माहीत नसेल म्हणून सांगतो, आपल्याकडे हे भांडण जुनं आहे. 1906 साली 1 जानेवारीपासून इंग्रजांनी सगळ्या देशाला एकच वेळ लावली तेव्हा मुंबईची स्वतःची वेळ त्याच्या 39 मिनिटं मागे होती, आणि त्याच महिन्यात गिरणी कामगार नव्या वेळेविरुद्ध रस्त्यावर उतरले, कारण सूर्य तोच, भोंगा मात्र लवकर. मुंबईत पुढे 1955 पर्यंत जुनी वेळही चालू होती. मधे 1942 ते 1945 युद्धासाठी सगळ्या देशाची घड्याळं तासभर पुढे केली होती. आता याला काळात फेरफार म्हणायचं नाही तर काय म्हणायचं? आणि विज्ञानाचंच बोलायचं तर 1971 मध्ये अणुघड्याळं विमानात घालून जगाभोवती फिरवली आणि ती जमिनीवरच्या घड्याळांपेक्षा वेगळी वेळ दाखवत परत आली. फरक सेकंदाच्या फार बारीक भागाचा होता, पण झाला. त्यामुळे थापा हा शब्द जरा जपून वापरावा.

दिल्लीच्या राष्ट्रीय भौतिक प्रयोगशाळेत अणुघड्याळांवर देशाची वेळ राखली जाते. 2025 च्या जानेवारीत केंद्र सरकारने मसुदाही काढला होता की व्यापार, सरकारी कामकाज, कायदेशीर कागदपत्रं सगळीकडे हीच भारतीय प्रमाणवेळ वापरायची. चांगलं आहे, पण दिल्लीतली वेळ भोसरीच्या गेटपर्यंत आणणार कोण? आमच्या भाजीवाल्याच्या काट्यावर वैधमापनवाल्यांचा शिक्का लागतो, पंधरा-वीस ग्रॅमची मारामारी असते ती. मग ज्या घड्याळावर माणसाची मजुरी मोजतात त्यावर शिक्का का नको? ते तपासायला आमच्या तरी गेटवर कधी कोणी आलेलं नाही.

गोष्टीवर माझा आक्षेप वेगळाच आहे. त्या परिषदेत शास्त्रज्ञ आहेत, निवृत्त न्यायाधीश आहेत, तत्त्वज्ञानाचे प्राध्यापक आहेत, आणि सगळे मिळून चर्चा काय करतात तर भूतकाळात जाऊन आजोबाला मारलं तर काय होईल. पंचिंग करून कामाला जाणारं एकही माणूस तिथे नाही. लेखकाला कळकळीची विनंती आहे, पुढची गोष्ट लिहिणार असाल तर त्या टेबलावर एक खुर्ची अशा बाईला द्या जिचा अर्धा दिवस कापला गेलाय, ती पहिल्याच मीटिंगला विचारेल की घड्याळ कोणी फिरवलं आणि भरपाई कोण देणार.

आणि जाता जाता, गोष्टीचा शेवट तुम्ही खाल्लाय. "उर्वरित पान 6 वर" लिहिलंय आणि पान 6 वर फ्लॅटची पानभर जाहिरात. पुरवणी दोनदा उलटसुलट करून पाहिली. परिषदेने त्या म्हाताऱ्या बाईला परवानगी दिली की नाही ते कृपया छापा, हिलाही वाचायचंय.

(बायको अजून तिथेच कामाला आहे, म्हणून नाव देत नाही.)

— एक वाचक, दिघी, पुणे