६ जूनची तिकिटं

डोंबिवली,
१९ एप्रिल २०२६

ती. बाबा आणि आई,
सा. नमस्कार.

फोनवर तुम्ही दोघांनी इकडे डोंबिवलीला राहायला यायचा विषय काढला की बाबा फोन आईकडे देतात आणि आई म्हणते, "रेंज जातेय गं." रेंज जात नसते. मागे कोंबडा ओरडतो तो मला इथे स्वच्छ ऐकू येतो. म्हणून पत्र. शिवाय बाबा, तुम्हाला तोंडी काही चालत नाही, लेखी लागतं. घ्या लेखी.

तिकिटं काढली आहेत. ६ जून, शनिवार, संगमेश्वर रोडवरून. खालचे दोन बर्थ मिळालेत. मी ३१ मेलाच गावी येते, आवराआवर करू आणि तिघं मिळून निघू. आमच्या शेजारच्या बिल्डिंगमध्ये तळमजल्यावर एक हॉल, एक खोली आणि किचन भाड्याने घेतलंय. करार अकरा महिन्यांचा, डिपॉझिट भरून झालंय. तुम्हाला आधी विचारलं नाही. विचारलं असतं तर तुम्ही नाही म्हणाला असता, आणि मग तुमचा शब्द मोडून करावं लागलं असतं. तो मोडायला नको म्हणून विचारलंच नाही. हे काही फार शहाणपणाचं कारण नाही, मला कळतंय.

रागवा हवं तर, पण पत्र पुरतं वाचा.

बाबा, शिमग्यात तुम्ही न्हाणीत पडलात. पडायचं काय, कुणीही पडतं. लाइट गेलेली, न्हाणीत ओल, पाय सरकला. माझ्या डोक्यातून जात नाही ती पाखाडी. आपल्या अंगणापासून रस्त्यापर्यंत एकशे बारा पायऱ्या. लहानपणी मोजून ठेवल्यात, तुमचीच खोड. प्लास्टिकच्या खुर्चीत बसवून, पंच्याने बांधून तुम्हाला चौघांनी खाली नेलं. कोण चौघं? आबा, वय बहात्तर. खालच्या घरातले अण्णा, सदुसष्ट, त्यांच्याच गुडघ्याला पट्टा. आणि मुंबईहून पालखीला आलेली दोन पोरं. शिमगा होता म्हणून ती पोरं होती. दुसऱ्या दिवशी रात्रीच्या गाडीने गेलीसुद्धा. तुम्ही पंधरा दिवस आधी पडला असता तर? आई, तू सांग, खुर्चीला हात लावायला चार माणसं होती वाडीत? मी बोटांवर मोजून बघितलं. दोन बोटं मिटल्यावर थांबावं लागलं.

तुमचं उत्तर आईने सांगितलंय मला. "वाडीत अकरा डोकी उरलीत, आम्ही गेलो की नऊ. आणि तेही नेमकं शिरगणतीच्या तोंडावर." बाबा, खरं सांगते, हे ऐकून आधी हसू आलं आणि मग गॅससमोर उभी राहून रडले. कांदा चिरत नव्हते.

मी तिसरीत होते तुम्ही घरांना नंबर घालत होता तेव्हा. १९९० साल, मोजणीच्या आधीची घरयादी. तुमच्या खांद्याला पिशवी, माझ्या हातात गेरूचा डबा. चौकटीच्या डाव्या बाजूला तुम्ही आकडा काढायचात, गेरू ओघळला की अंगठ्याने पुसायचात. अंगठा आठवडाभर लाल. मग फेब्रुवारीत माणसांची मोजणी सुरू झाली. वरच्या घरातली म्हातारी अडून बसलेली आठवते? मुंबईत गिरणीत असलेल्या मुलाचं नाव लिहाच म्हणून. "माजाच पोर हाय ना रं मास्तरा?" तुम्ही पेन बंद केलंत, ओटीवर बसलात, तिच्या हातचा कोरा चहा प्यायलात आणि म्हणालात, "काकी, मी आहेत ती माणसं मोजायला आलोय. असायला हवीत ती मोजायला लागलो तर कागद पुरायचा नाही." ती काही बोलली नाही. नाव काही तुम्ही लिहिलं नाहीत. परत येताना मात्र पाखाडीवर मला म्हणालात, "ही शिरगणती गणपतीत ठेवायला पाहिजे. तेव्हा कळेल गाव केवढा आहे ते."

आता तुम्हीच सांगा, असायला हवं म्हणून कुणाला एखाद्या वाडीत ठेवता येतं का? तुमचाच नियम तुमच्यावर उलटवतेय, माफ करा.

आकड्यांचं म्हणाल तर मीही थोडा अभ्यास केलाय. २००१ला आपला रत्नागिरी जिल्हा १६,९६,७७७ होता. २०११ला १६,१५,०६९. दहा वर्षांत एक्क्याऐंशी हजारांवर माणसं कमी. अख्ख्या राज्यात घटलेले जिल्हे तीनच, मुंबई शहर, आपला आणि सिंधुदुर्ग. बाकी सगळीकडे फुगवटा. आणि तेव्हाच्या अखंड ठाणे जिल्ह्यात १ कोटी १० लाख, देशात पहिला नंबर. आपल्याकडचे वजा, ते इकडे जमा. माझ्या लोकलच्या डब्यात "तुमचं गाव कुठलं" विचारलं की तिघींतल्या दोघी चिपळूण नाहीतर लांजा सांगतात.

त्या वजाबाकीत आपलं घर आहेच. २००१ला आपल्या घराचा कागद तुम्हीच भरलात. नावं चार. २००२ला दादा मस्कतला गेला, २००६ला माझं लग्न झालं. २०११ला दुसरे मास्तर आले आणि त्यांनी दोनच नावं लिहिली. आई सांगते, ते गेल्यावर तुम्ही बराच वेळ ओटीवर बसून होता. गाव तुमच्यामुळे कमी होत नाहीये बाबा. आम्ही दोघांनी कधीच कमी करून टाकलाय. तुम्ही दोघं आतापर्यंत आमच्याही वाटचं राहिलात.

गाव दोनदा भरलेला तुम्हीच सांगता. १९८२च्या गिरणी संपात मामा वगैरे सगळे परत आले तेव्हा, आणि २०२०च्या लॉकडाऊनमध्ये, शाळेत क्वारंटाइन होतं तेव्हा. गंमत बघा, १९८१ची मोजणी संपाच्या आदल्या वर्षी होऊन गेलेली, आणि २०२१ची झालीच नाही. भरलेला गाव सरकारी कागदावर कधी आलाच नाही.

परवा गाडीत एक बाई कौतुकाने म्हणत होती, रत्नागिरीत बघा, हजार पुरुषांमागे ११२२ बायका, कोकणात मुली जगवतात. राज्यात ९२९ आहेत म्हणे. मी काही बोलले नाही. काय सांगणार? की पुरुष परळला होते म्हणून? शेजारच्या काकीने पंचवीस वर्षं मनीऑर्डरवर संसार केला, हे त्या आकड्यात कुठे दिसतं? आई, तुझा नवरा मास्तर होता म्हणून तुझ्या जेवणाला रोज समोर माणूस असायचा. आता मास्तर आहे, शाळा नाही. पट सातवर आला आणि पोरं दुसरीकडे वर्ग झाली, त्या दिवशी बाबा जेवले नव्हते. बरं, ते जाऊ दे.

आणि ग्रामपंचायतीची काळजी नको. दीड हजारापर्यंत लोकसंख्या असली तरी सदस्य सातच असतात, आपण आधीच तळाच्या पायरीवर आहोत. दोन नावांनी सदस्य कमी होणार नाही. निधी माणशी येतो हे मान्य, तेवढा फटका बसेल. पण त्या निधीतला दिवा आपल्या पाखाडीवर लागलेला मी तरी अजून पाहिलेला नाही.

आता इथली सोय ऐका. संडास घरातच, कमोडचा, बाजूला धरायला दांडी बसवून घेतलीय. गरम पाणी नळाला. आई, चूल नाही, पण शेगडी बुटकी घेतलीय, तुला मान वर करून फोडणी द्यायला लागू नये म्हणून. उकड्या तांदळाची पेज रोज होईल, तांदूळ आपलाच आणू. कुळीथ, आमसुलं, सांडगी मिरची जेवढं भरशील तेवढं भर, दादा लोणच्याची बरणी मस्कतला नेतो तर मी ठाण्यापर्यंत आणू शकते. खिडकीबाहेर एक नारळ आहे, रोगट आहे, पण नारळ आहे. बाबांना पेपर सकाळी साडेसहाला दारात. गावात तो दुपारच्या एसटीने यायचा आणि तुम्ही तो शिळा आहे असं कधी म्हणाला नाहीत. गणेश मंदिर रिक्षाने दहा मिनिटं. चौथ्या मजल्यावर देवरुखचे एक रिटायर्ड हेडमास्तर राहतात, त्यांना मी तुमच्याबद्दल सांगितलंय, ते बुद्धिबळाचा पट पुसून बसलेत.

मुलीच्या घरी राहायचं नाही हे तुमचं मला माहीत आहे, म्हणूनच वेगळी जागा. भाडं निम्मं दादा देणार, निम्मं मी. बाबांना फारच टोचलं तर पेन्शनमधून लाइटबिल भरा, मी नाही म्हणणार नाही. तुमचे जावईच म्हणाले, "आपल्या घरात ठेवलं तर ते पाहुण्यासारखे राहतील, पंखा लावायलाही विचारतील. त्यांचं दार वेगळं हवं." बघा, वीस वर्षांत माणूस ओळखतो तुम्हाला.

करार अकरा महिन्यांचा आहे, हे परत वाचा. गणपतीला आठ दिवस आधी आपण गावी. शिमग्याला परत. आंबा संपल्याशिवाय तुम्हाला हलवत नाही, म्हणून तर जून धरलाय. किल्ली आबांकडे, ते दर सोमवारी दार उघडून देवाजवळ दिवा लावतील, बोलणं झालंय. मोत्याला भाकरीही तेच घालतील. मोत्याचं मला वाईट वाटतंय, खोटं कशाला बोलू. पण तो आबांच्या पडवीतच झोपतो हल्ली, आई म्हणाली.

आई, तुला वेगळं सांगते. बीपीची गोळी अर्धी मोडून खायची नाही. संपेल म्हणून पुरवून खायला ती साखर नाही. गोधड्या चारच बांध. तांब्याचा हंडा राहू दे, इथे ठेवायला जागा नाही. बरं, कळशी घे. माझ्या लहानपणचं परकर-पोलकं पेटीत आहे म्हणालीस, ते मात्र आण. ताप आला की मला तुझ्या पातळाच्या निऱ्यांत तोंड घालून झोपायची सवय होती, धुराचा आणि तांदळाच्या धुवणाचा वास यायचा. मागच्या महिन्यात इस्पितळाच्या बाकावर तू माझ्या खांद्याला डोकं लावून झोपलीस तेव्हा तोच वास आला. तू किती हलकी झालीयेस गं.

आणि बाबा, उगाच पराक्रम नकोत. काठी घेतल्याशिवाय अंगणात जायचं नाही. विहिरीवर तर नाहीच. कलमावर चढून आंबे काढायला माणूस सांगितलाय, तुम्ही खाली उभं राहून त्याला शिकवायचं नाही, वर बघताना तोल जातो. देवरुखला टाके दाखवायला गेलात तेव्हा डॉक्टरांनी दिलेला कागद मला पाठवा, आईला सांगा फोटो काढायला, फणसाखाली उभं राहिलं की जातो.

तुमच्या खऱ्या प्रश्नाकडे येते. घरयादी यंदाच आहे, माणसांची मोजणी फेब्रुवारी २०२७मध्ये, १ मार्चच्या आकड्यासाठी. तेव्हा आपण डोंबिवलीत असू, आणि नियम तुम्ही मला शिकवलेला आहे, माणूस राहतो तिथे मोजायचा. गावच्या घरासमोर कुणीतरी 'कुलूप' लिहील. आता म्हणे मोबाइलवरच भरतात, म्हणजे लिहील कुठलं, बोट दाबेल. मला ठाऊक आहे, तुम्हाला हेच गिळता येत नाहीये. मी काही युक्ती काढली नाही यावर. मोजणीच्या त्या दिवसांत तुम्हाला गावी नेऊन ठेवावं असंही मनात आलं. पण तुम्हीच म्हणाल, ती खोटी नोंद.

तुम्ही शिकवलेलं आणखी एक आठवतंय. जन्म कुठे, आधी राहायला कुठे, आणि इथे का आलात, असे रकाने असायचे. कारणांत नोकरी, धंदा, शिक्षण. बायकांच्या पुढे बहुतेक 'लग्न'. माझ्याही पुढे तेच आलं असणार. २०११ला इथल्या बाई आल्या तेव्हा सासूबाईंनी उत्तरं दिली, मी ऑफिसात होते. फेब्रुवारीत त्या बाई आल्या की दार तुम्ही उघडा. जन्मस्थानात आपल्या गावाचं नाव तुम्ही सांगा, तालुका संगमेश्वर, जिल्हा रत्नागिरी, स्पेलिंगसकट. आणि कारण विचारलं तर 'कुटुंबाबरोबर' असा रकाना असायचा ना? तो सांगाल का? 'इतर' सांगू नका बाबा.

तुमची,
तायडी

ता. क. चौकटीवरचा आपला नंबर पार पुसट झालाय, शिमग्याला पाहिला. गेरू आणून ठेवा फक्त. मी आले की मी गिरवीन. तुम्ही स्टुलावर चढायचं नाही.